रोजनाम्यात गैरहजर

निवृत्तीच्या कार्यक्रमात मला शाल, नारळ आणि स्टीलचा मोठा डबा मिळाला. भाषण करायला उठलेल्या प्रत्येकाने सांगितलं, की बाईंचा रोजनामा बघून घ्यावा, पानभर मजकुरात एक खाडाखोड सापडायची नाही. मी खाली मान घालून बसले होते. लोकांना वाटलं, बाई हळव्या झाल्या. हळवी वगैरे मी अजिबात झाले नव्हते.

मी मूळची पाटणकडची. लग्न होऊन सांगली जिल्ह्यात आले आणि इथल्याच तालुक्यांच्या कोर्टांत तीस वर्षं कारकुनी केली. शेवटचं कोर्ट कोणतं ते सांगणार नाही. साहेब उंचावर बसतात, त्यांच्या पुढ्यात खाली टेबल लावून फायलींच्या ढिगाआड जी बसलेली असते, जिचं नुसतं डोकं दिसतं, ती बाई मी. प्रत्येक केसच्या फायलीत रोजनामा असतो. त्या तारखेला कोर्टात काय घडलं, कोण हजर होतं, कोण नव्हतं, पुढची तारीख कोणती, हे त्यावर लिहायचं आणि साहेबांची सही घ्यायची. नंतर कोणी गळ्याची शपथ घेऊन काहीही सांगो, रोजनाम्यात जे असेल तेच घडलं असं धरून पुढचं सगळं चालतं. एवढं वजन त्या कागदाला, आणि तो लिहायचा आम्ही कारकुनांनी.

आता त्यातली घाण सांगते. रोजनामा आम्ही आदल्या दिवशीच लिहून ठेवायचो.

बोर्डावर शंभरावर केसेस लागलेल्या असत. त्या दिवशी बसून एकेक लिहायचा म्हटलं तर घरी जायलाच नको. शिवाय काय घडणार हे ठाऊक असायचं. आरोपी गैरहजर, वकिलांचा मुदतीचा अर्ज, समन्स न बजावता परत, पुढील तारीख. फायलीचं तोंड बघून मी सांगायचे, उद्या यातलं कोण येणार नाही. हे मला माझ्या आधीच्या बाईंनी शिकवलं, त्यांना त्यांच्या आधीच्यांनी. कधी अंदाज चुकलाच तर पान काढून दुसरं लिहायचं. माझा फारसा चुकायचा नाही आणि त्याची मला घमेंड होती. नव्याने लागलेल्या मुलींनाही मी ही युक्ती कौतुकाने शिकवली.

कोर्ट म्हणजे एक मोठी खोली, एक चेंबर आणि एक व्हरांडा. व्हरांड्यात फायलींचे गठ्ठे भिंतीला लावलेले, त्यांना कसर लागलेली, कोपऱ्यात तंबाखूच्या पिचकाऱ्या. बायकांच्या संडासाला कुलूप असायचं आणि किल्ली कोणाकडे असते हे विचारायची साक्षीला आलेल्या बाईला लाज वाटायची, म्हणून त्या बाया दिवसभर पाणी न पिता बसायच्या. तीन जागा कित्येक वर्षं रिकाम्या. साहेबांकडे शेजारच्या कोर्टाचाही चार्ज होता, त्यामुळे आठवड्यातले दोन दिवस ते तिकडे. हे सगळ्यांना माहीत होतं. तपासणीला येणारे मोठे साहेब नाकाला रुमाल लावून व्हरांड्यातून जायचे आणि शेरा लिहायचे, स्वच्छता ठेवावी.

अशात वरच्या कोर्टाचा आदेश आला. दहा वर्षांहून जुने फौजदारी खटले सहा महिन्यांत निकाली काढा आणि दर शनिवारी तक्ता पाठवा.

आदेश चुकीचा होता असं मी म्हणणार नाही. तारखांना येऊन येऊन म्हातारे झालेले लोक मी बघितले आहेत. कोणीतरी वरून ओरडायला हवंच होतं. पण ओरडण्यासोबत एक माणूस आला नाही, एक खुर्ची आली नाही, प्रिंटरची शाई आली नाही. आला तो तक्ता. त्यात केस नंबर, वर्ष, टप्पा आणि शेवटी एक बारीक रकाना, प्रलंबित असल्यास कारण. त्या रकान्यात चार शब्द मावायचे. व्हरांड्यातले गठ्ठे, रिकाम्या जागा, संडासाची किल्ली हे काही त्यात बसणारं नव्हतं.

आमचे साहेब तरुण होते, पहिलीच नेमणूक. बायको-मूल पुण्याला, इथे खोलीवर एकटे. खिशात पित्ताच्या गोळ्या. कोणाचा चहासुद्धा घ्यायचे नाहीत. माणूस सरळ होता, आणि सरळ माणूसही शनिवारच्या तक्त्यापुढे कसा वाकतो ते मी सहा महिने जवळून बघितलं. सुरुवातीला आम्ही मेलेल्या आरोपींच्या केसेस काढल्या. त्यांचे मृत्यूचे दाखले गोळा करायचे आणि केस बंद. मग जुगाराच्या, मग दारूबंदीच्या. तक्ता झरझर भरत गेला आणि वरून शाबासकीही आली. शेवटी हातात उरल्या त्या खऱ्या केसेस, ज्यांत कोणाचं तरी काहीतरी गेलेलं होतं.

त्यातली एक अपघाताची होती. उसाच्या दोन ट्रॉल्या लावलेला ट्रॅक्टर, दिवसाढवळ्या, मोठ्याने गाणी लावून चाललेला. ड्रायव्हरच्या कानाला फोन. पुढच्या बैलगाडीला बाजू काढून जाताना मागची ट्रॉली हेलकावली आणि शेजारून जाणाऱ्या मोटरसायकलवर आली. गाडी चालवणारा धाकटा भाऊ जागीच गेला. मागे बसलेला थोरला उसाच्या सरीत फेकला गेला म्हणून वाचला. थोरला फौजेत शिपाई, सुट्टीवर आलेला. बहिणीचं लग्न ठरलं होतं आणि दोघं पत्रिका वाटायला निघाले होते. त्याच्या जबाबात हे सगळं होतं.

गावात मात्र दुसरीच गोष्ट पसरली. ट्रॅक्टर गावातल्या वजनदार माणसाचा. फौजी सुट्टीवर आला, येताना रम घेऊन आला, दोघं भाऊ पिऊन तर्र होते आणि आपणच जाऊन ट्रॉलीला धडकले, असं पाराच्या कट्ट्यावर ठरलं. दवाखान्याच्या कागदात दारूचा कुठे उल्लेख नव्हता. पण दवाखान्याचा कागद गावाला वाचून कोण दाखवणार? पंच फितूर झाले. दुसरा एक बघणारा होता तो दरम्यान वारला. राहिला एकटा थोरला भाऊ.

आणि त्याची साक्ष बारा वर्षं होऊ शकली नाही. कारण ऐकून तुम्हाला हसू येईल. त्याला रजा मिळायची मे महिन्यात, नाहीतर दिवाळीला. मे महिन्यात कोर्टाला उन्हाळ्याची सुट्टी आणि दिवाळीत दिवाळीची. तो आला की कोर्ट बंद, कोर्ट उघडलं की तो बर्फात. दर वर्षी येऊन तो एक अर्ज देऊन जायचा. सुट्टीतल्या कोर्टात साक्ष होत नाही, फक्त जामिनाची कामं होतात, म्हणून अर्ज घेऊन फायलीला लावला जायचा. मी त्या कोर्टात आले तेव्हा फाईल शिवताना ते अर्ज वाचले होते. एकात लिहिलं होतं, ‘माझा भाऊ दारू पीत नव्हता आणि मीही त्या दिवशी प्यालो नव्हतो, हे मला शपथेवर सांगायचे आहे. माझ्या आईला गावात तोंड दाखवता येत नाही.’ मला वाईट वाटलं होतं. वाईट वाटून मी दोरा ओढला, गाठ मारली आणि पुढची फाईल घेतली.

सहाव्या महिन्यात पहिल्यांदाच गावच्या पत्त्याऐवजी त्याच्या पलटणीच्या पत्त्यावर मीच समन्स टाइप केलं. ते बजावल्याचा कागद आला नाही. आला नाही म्हणजे आमच्या टेबलावर आला नाही. टपाल फोडणाऱ्या बाईंना तक्ता भरायला बसवलं होतं आणि पाकिटं पिशवीत तशीच पडून होती. त्यातल्याच एकात त्याच्या अधिकाऱ्याचं पत्र होतं, की जवानाला साक्षीसाठी पाठवत आहोत. हे मला निकाल लागून गेल्यावर, पुढच्या आठवड्यात कळलं.

मुदतीचा शेवटचा दिवस उजाडायच्या आदल्या दिवशी मी अकरा जुन्या केसेसचे रोजनामे लिहून ठेवले. या केसमध्ये लिहिलं, ‘साक्षीदार क्रमांक चार यांना पुकारले असता गैरहजर. पुरेशी संधी देऊनही हजर नाहीत. सरकार पक्षाचा पुरावा बंद. निकाल जाहीर. आरोपीची निर्दोष मुक्तता.’ बारा वर्षांत जो माणूस एकाही तारखेला आला नाही तो उद्या कशाला येतोय, असा माझा अंदाज. निकालपत्रही आमच्या स्टेनोने संध्याकाळी टाइप करून ठेवलं. दोनच पानं होती.

सकाळी दहाच्या सुमाराला मी व्हरांड्यातून आत गेले तेव्हा बाकावर एक माणूस बसलेला होता. पांढरा शर्ट, चकचकीत काळे बूट, पायाशी लोखंडी ट्रंक. मी जवळून जाताना तो उठून उभा राहिला. मला बरं वाटलं. आजकाल कारकुनासाठी कोण उभं राहतं? मी मान हलवली आणि आत गेले. कोण, कुठला, कशाला आलात, हे विचारायला चार सेकंद लागले असते.

साहेबांनी अकराच्या ठोक्याला जुन्या केसेस आधी घेतल्या. साक्षीदाराचं नाव दारात उभं राहून तीनदा मोठ्याने पुकारायचं काम आमच्या शिपायाचं. तो त्या वेळी वकिलांना बार रूममधून हाकून आणायला गेला होता, कारण अकराही केसेसना वकील हजर लागत होते. सरकारी वकिलांनी मला विचारलं, साक्षीदार आलाय का? मी मान वरही न करता नाही म्हणाले. दारापासून बाक फार तर पंधरा पावलांवर. आरोपी ड्रायव्हरला त्याच्या वकिलाने फोन करून बोलावून घेतलं होतं, तो हजर होता. त्याचा जबाब, दोन्हीकडचा युक्तिवाद, निकाल, सह्या, सगळं पाव तासात आटोपलं. ड्रायव्हर साहेबांच्या दिशेला हात जोडून मागच्या दाराने गेला.

दुपारी दोन वाजता कोर्ट जेवायला उठलं आणि तो माणूस दाराशी येऊन उभा राहिला. आत पाऊल टाकावं की नाही याचा त्याला प्रश्न पडला होता.

“म्याडम, माजं नाव अजून पुकारलं न्हाई,” तो म्हणाला. “गेटवर पोलीस म्हनला, पुकारल्याबिगर आत जायचं न्हाई. म्हनून बसलोय.”

त्याने समन्स पुढे केलं. केस नंबर वाचायची गरज पडली नाही. माझंच टायपिंग होतं.

तो सकाळी साडेनऊपासून तिथे होता. दोन दिवस रेल्वे आणि मग एस.टी. करून आलेला. त्याला बसायला सांगितलं होतं म्हणून बसला. वीस वर्षं नोकरीत सांगितलं तसं वागायची सवय लागलेला माणूस. दुसरा कोणी असता तर दहादा आत डोकावला असता, शिपायाला चहा पाजला असता, मला येऊन भंडावून सोडलं असतं, आणि त्याची साक्ष झाली असती. आमच्या कोर्टात शिस्तीने बसणाऱ्याची अशी वाट लागते.

मी चेंबरमध्ये गेले. साहेब डबा खात होते. मी सांगितलं तसा त्यांनी हातातला घास खाली ठेवला. मग म्हणाले, निकालावर सही झाली आहे, आता त्यातलं एक अक्षर मला बदलता येत नाही. ते खरं होतं. कायदा तसाच आहे. सरकारी वकील तिथेच होते. ते म्हणाले, बाई, मी तुम्हाला विचारलं होतं. तेही खरंच होतं. साहेबांनी सांगितलं, त्यांना म्हणावं वरच्या कोर्टात अपील करता येतं. म्हणजे ज्यांनी लवकर संपवा म्हणून सांगितलं, त्यांच्याकडेच पुन्हा पहिल्यापासून. मला आम्हा तिघांचीही शिसारी आली, आणि सगळ्यात जास्त माझी स्वतःची.

बाहेर येऊन मी त्याला सांगितलं, की केस सकाळीच संपली. तो सुटला का, असं त्याने विचारलं. मी हो म्हणाले. तो ओरडेल, टेबलावर हात आपटेल, अशी मी वाट बघत होते. तसं झालं असतं तर मला पोलिसाला हाक मारता आली असती. पण त्याने फक्त एवढंच विचारलं,

“आन् दारूचं काय लिवलंय निकालात?”

मी म्हणाले, दारूचं काही लिहिलेलं नाही. हे अर्धंच खरं होतं. निकालाच्या दुसऱ्या पानावर एक वाक्य होतं, ‘मयताच्या स्वतःच्या निष्काळजीपणामुळे अपघात झाला असण्याची शक्यता नाकारता येत नाही.’ अपघाताच्या प्रत्येक सुटकेत आमचा स्टेनो हे वाक्य जुन्या निकालातून उचलून टाकायचा. ते कोणी विचार करून लिहिलेलं नव्हतं. पण त्याखाली सही होती आणि शिक्का होता, आणि संध्याकाळपर्यंत ते वाक्य गावाच्या कट्ट्यावर पोचणार होतं. बारा वर्षं जी अफवा होती तिला आता कोर्टाचा कागद मिळाला. निकालाची नक्कल काढली की त्याच्या आईपुढेही कोणीतरी ते वाचणार होतं.

आईला सांगून आलो होतो, आज सगळं बोलून येतो, असं तो म्हणाला. मग सरकारी माणसाचं बोलायला लागला. साक्षीला म्हणून खास रजा मिळाली होती, त्यामुळे कोर्टात हजर होतो असा दाखला युनिटला द्यावा लागणार होता. तो तरी द्या, म्हणाला.

साधी गोष्ट होती. असे दाखले मी रोज दहा-पंधरा देत असे. छापील नमुना, नाव घालायचं, शिक्का मारायचा. मी फॉर्म काढला आणि आमचे अधीक्षक माझ्या मागे येऊन उभे राहिले. त्यांना निवृत्तीला आठ महिने राहिले होते. ते हळू आवाजात म्हणाले, बाई, शुद्धीवर आहात का? रोजनाम्यात गैरहजर आणि दाखल्यात हजर, एकाच तारखेला, एकाच शिक्क्याने? उद्या हा दाखला अपिलात लागला तर साहेबांचं जाऊ दे, पहिल्या तुम्ही घरी जाल.

पहिली मी घरी जाईन हे मला बरोबर समजलं. मग अधीक्षकांनीच तोड काढली. मी कोऱ्या कागदावर टाइप केलं, ‘सदर इसम आज रोजी या कार्यालयात चौकशीकामी आले होते.’ शिक्का मारला. कागद त्याच्या हातात दिला. त्याने तो दोनदा वाचला.

“मी चौकशीला न्हाई आलो, म्याडम,” तो म्हणाला. “साक्षीला आलतो.”

मला एवढंच देता येतं, असं मी म्हणाले. वर हेही म्हणाले, की तुमचं रजेचं काम याने होऊन जाईल. हे मी समजूत घातल्यासारख्या आवाजात म्हणाले, आणि तो आवाज आठवला की आजही माझ्या तोंडाला कडू येतं.

त्याने कागद घेतला. न घेऊन करतो काय? जावक नोंदवहीत पोच म्हणून सही करायला मी वही पुढे केली. त्याने खिशातलं स्वतःचं पेन काढलं, सही केली, आणि सहीच्या पुढे, शेऱ्याच्या रकान्यात, बारीक आणि ठळक अक्षरात लिहायला लागला. मी अडवलं नाही. लिहून झाल्यावर त्याने वही माझ्याकडे वळवली, ट्रंक उचलली आणि गेला.

त्याने लिहिलं होतं, ‘साक्षीसाठी सकाळी ९.३० पासून हजर. भाऊ प्यालेला नव्हता. ड्रायव्हर फोनवर होता. हे मी डोळ्यांनी बघितले.’

त्याची साक्ष बारा वर्षांनी नोंदवली गेली ती तिथे, पाकिटं आणि दाखल्यांच्या वहीत.

पाच वाजता तक्ता गेला. जुनी फौजदारी प्रकरणं, शिल्लक शून्य. अधीक्षकांनी सगळ्यांना वडापाव मागवला. मग रोजच्यासारखी वही तपासायला घेतली आणि ते पान त्यांच्यापुढे आलं. पान फाडता येत नव्हतं, नोंदवहीची पानं नंबर घातलेली असतात. पुढच्या महिन्यात तपासणी होती. ते माझ्याकडे बघून म्हणाले, बाई, एवढं नीट करून टाका. आणि डिंकाची बाटली माझ्या टेबलावर ठेवून बॅग घ्यायला गेले.

मी वही तशीच मिटली, असं इथे लिहायला मला फार आवडलं असतं. तशी इच्छा झाली होती का, हेही आता सांगता येत नाही. मी कात्रीने रकान्याच्या मापाची पांढरी पट्टी कापली. डिंक लावला, चिकटवली, वर बोट फिरवलं आणि पट्टीवर लिहिलं, ‘दाखला मिळाला’. डिंक वाळल्यावर पान उचलून खिडकीच्या उजेडाला धरून बघितलं. खालचं अक्षर अजून वाचता येत होतं. मग मी त्यावर दुसरी पट्टी चिकटवली.